यमनाक्काने बंद ठेवलेला डोह

नदीपुढे लहानथोर असा भेद नाही. तिच्या पाण्यात राजा आणि रंक सारखेच. हे वाक्य मी रावसाहेबांच्या तोंडून ऐकले. ते त्यांनी कोरड्या जमिनीवर, मांडवाच्या सावलीत, खुर्चीत बसून म्हटले, आणि मागे वारा घालायला एक माणूस उभा होता. लोकांनी टाळ्या वाजवल्या. एक बाई तेवढी हात मांडीवर ठेवून बसली होती. नदी भेद करीत नाही हे तिलाही मान्य असावे. भेद होडीत होतो, एवढेच तिचे म्हणणे होते.

तिचे नाव यमुना. सगळे तिला यमनाक्का म्हणत.

सोलापूरच्या दक्षिणेला भीमेच्या पात्रात एक बेट आहे. त्यावर भोयांची वस्ती होती. तीस-पस्तीस घरे, एक मारुती, आणि बोर्डाची एक शाळा. तिचा मी मास्तर. सोलापुरात एका बक्षीस समारंभात अध्यक्षांचे भाषण चालू असताना मी हसलो, तेव्हा माझी बदली या बेटावर झाली. म्हणजे आयुष्यात निदान एक बदली मी स्वतःच्या गुणांवर मिळवली.

अलीकडच्या काठावर लोक मराठी बोलत, पलीकडच्या काठावर कानडी. बेटावरच्या लोकांना दोन्ही भाषा येत, आणि ते दोन्ही भाषांत गप्प बसत. पावसाळ्यात चार महिने पाणी दोन्ही बाजूंनी असे काही वाहे की बेटावर भांडण झाले तर रागावून जायला जागा नव्हती. भांडून पुन्हा त्याच होडीत बसायचे, त्याच वाळूवर जाळी वाळत घालायची. तेव्हा लोक भांडतच नसत. मनात ठेवत. मनात ठेवून ठेवून काही म्हाताऱ्यांचे चेहरे बंद दुकानासारखे झाले होते. शहरातून आलेले पाहुणे त्याला खेड्यातली शांतता म्हणत आणि मोठा श्वास घेत.

यमनाक्का या शांततेत बसत नव्हती. उंच, सुकलेली, काळी बाई. चालताना मुठी वळलेल्या. तिचा राग सकाळी तिच्याबरोबर उठे. चुलीवर ती रागवे, ओल्या सरपणावर रागवे, मारुतीवर रागवे. "बसलाय बघा शेंदूर फासून," म्हणे, आणि तेल मात्र दर शनिवारी न चुकता घाली. तिच्या कुत्र्याला ती दिवसभर शिव्या देई. कुत्रे तिच्याशिवाय कुणाच्या हातचे खात नसे.

तिला एक सवय होती. कुणी काहीही सांगितले की ती विचारी, "तुमी बघितलं का?" अक्कलकोटच्या बाजाराला आग लागली म्हणे. तुमी बघितलं का? अमक्याच्या सुनेच्या अंगात येतं म्हणे. तू बघितलंस का? समोरचा "नाही, पण लोक म्हणतात" असे बोलला की तिचा चेहरा असा होई, जणू त्याने तिला नासके दूध विकले.

मी मुलांना पृथ्वी गोल आहे हे शिकवीत होतो. शाळेच्या दाराशी ती जाळे विणत बसली होती. हातातले काम न थांबवता म्हणाली,

"मास्तर, तुमी बघितली का?"

"नाही."

"मग पोरास्नी तसं सांगा की. म्हणत्यात म्हणून सांगा."

पुढे दिपोटीसाहेब तपासणीला आले. त्यांनी पहिल्याच मुलाला पृथ्वीचा आकार विचारला. तो छाती काढून म्हणाला, "गोल हाय असं म्हणत्यात. मास्तरांनी बघितली न्हाय." माझ्या शेऱ्यात दिपोटीसाहेबांनी काय लिहिले ते इथे सांगण्यात अर्थ नाही. पण त्या वर्गातली मुले पुढे फारशी फसली नसावीत असे मला वाटते.

ही सवय तिला मुलगा गेल्यावर लागली की आधीपासून होती, असे मी एकदा लिंबाला विचारले. लिंबा तिच्या मुलाचा जोडीदार; दोघे मिळून होडी वल्हवत. तो खाली बघत म्हणाला, "आदीपासनं हाय. पण आदी आमाला हसू यायचं."

तिचा मुलगा म्हादू मी बेटावर जाण्याच्या थोडे आधी, श्रावणातल्या पुरात बुडाला होता. विशीतला, बिनलग्नाचा. झाले होते ते असे. पूर आला की नदीची ओटी भरायची, हा सगळीकडचाच रिवाज आहे. लोक काठावर उभे राहून साडीचोळी पाण्यात सोडतात आणि घरी जातात. काठावरच्या गावचे रावसाहेब यांना हे अगदीच साधे वाटले. त्यांच्याकडे मुंबईचे दोन पाहुणे आले होते. पाहुण्यांसमोर रावसाहेबांना नदीची ओटी मधल्या धारेत जाऊन भरायची होती. म्हादूने सांगितले, आज पाणी चढते आहे, उद्या जाऊ. बेटाचा पुढारी तात्या नाईक याने त्याला गप्प केले. नदीला नाही म्हणता येते, रावसाहेबांना नाही म्हणता येत नाही, असे तात्याचे साधे गणित होते. होडी निघाली. वल्ह्यावर तात्या, लिंबा आणि म्हादू. बसायला रावसाहेब, भटजी, दोन पाहुणे आणि ओटीचे ताट.

परत आली तेव्हा म्हादू होडीत नव्हता. "पाय घसरला," तात्या म्हणाला. बेटावर सगळे "अरेरे" म्हणाले. काठावर रावसाहेबांच्या धैर्याची चर्चा सुरू झाली. इतक्या बाक्या प्रसंगी ते जागचे हलले नाहीत असे भटजी सर्वांना सांगत होते. हे खरेच होते. ते हलले असते तर होडी उलटली असती.

प्रेत दोन दिवसांनी खालच्या अंगाला बाभळीत अडकलेले सापडले. त्याला अंघोळ यमनाक्काने घातली. तिने दुसऱ्या कुणाला हात लावू दिला नाही. उजव्या हाताची चार बोटे पेरांवर फुटलेली होती. ती तिने बघितली, आणि ती बघते आहे हे तात्याने बघितले.

आता बेटाचा एक रिवाज सांगायला हवा, कारण पुढचे सगळे त्यावर उभे आहे. बेटाचा माणूस ज्या डोहात बुडेल तो डोह बंद होतो. त्यात कुणी जाळे टाकत नाही. पाणी उतरले की सगळी वस्ती काठाशी जमते. गेलेल्याच्या जवळ त्या वेळी जो असेल त्याने कमरेएवढ्या पाण्यात उभे राहून, तो कसा गेला ते त्याच्या आईला किंवा बायकोला मोठ्याने सांगायचे. तिने ऐकून घ्यायचे, आणि मग तिच्या हाताने पहिला पाग टाकायचा. पाग म्हणजे हाताने फेकायचे गोल जाळे. तो पडला की डोह उघडला. याला ते पाण्याची साक्ष म्हणत. एरवी हे चार शब्दांत उरकत असे. पाय घसरला. बरं. पाग टाकला. स्वैपाक.

म्हादूची साक्ष दसऱ्याच्या आसपास झाली. मी नवखा, मागे उभा होतो. तात्याने साक्षीला लिंबाला पुढे केले. लिंबा पाण्यात उभा राहिला आणि पाण्याकडेच बघत म्हणाला,

"आक्का, पाय घसरला."

यमनाक्काच्या खांद्यावर पाग होता. ती म्हणाली, "कुणाचा?"

"म्हादूचा."

"मग त्याची बोटं कशानं फुटली?"

लिंबाने तात्याकडे बघितले. तात्या काठावरून म्हणाला, "आक्के, धोंड्यावर आपटली असत्याल की. पुराचं पाणी ते."

"तू बघितलंस का?"

सगळी वस्ती वाळूत काहीतरी हरवल्यासारखी खाली बघू लागली. यमनाक्काने पाग खांद्यावरून उतरवला, नीट घडी घातली आणि काखेत मारला.

"मग ही साक्ष म्हादूची न्हवं. दुसऱ्या कुणाची तरी असंल. ज्याची असंल त्याच्या आईला बलवा."

आणि ती घरी गेली.

पहिले काही महिने कुणाला याचे काही वाटले नाही. नदीत पाणी होते, मासे सगळीकडे होते. पण फाल्गुन उजाडला आणि भीमा आटत गेली. तिथली भीमा उन्हाळ्यात नदी राहत नाही. ती वाळूत इथेतिथे साचलेले पाणी होऊन राहते. बेटाजवळ खोल पाणी राही ते म्हादू बुडालेल्या त्या एका डोहात, आणि आसपासचे सगळे मासे तिथे जमत. बेटाचा उन्हाळा त्या डोहावर निघायचा. संध्याकाळी मरळ मासे वर येऊन पाण्यावर थापा मारीत, आणि तीस घरची माणसे मिठाशी भाकरी खात तो आवाज ऐकत बसत.

तेव्हा लोकांनी यमनाक्काला छळायला सुरुवात केली. बेटाच्या पद्धतीने, म्हणजे तोंडाने तिला कुणी काही बोलले नाही. बायका तिच्या दारासमोर उभ्या राहून आपल्या कोंबड्यांना शिव्या देत. "मेली, सवताबी खाईना, दुसऱ्याला बी खाऊ दीना!" कोंबड्या बिचाऱ्या दाणे टिपत होत्या. यमनाक्का दारातून म्हणे, "व्हय गं, लई वंगाळ कोंबडी हाय तुजी. सरळ बोलत न्हाय."

एक दिवस तात्या दोन म्हाताऱ्यांना घेऊन तिच्या अंगणात आला. डोक्याला नवा पटका. बेटावर पटका बांधणारा तो एकटाच. रावसाहेबांकडून दर दिवाळीला त्याला एक मिळे.

"आक्के, म्हादू आमचाबी पोरगाच की."

"मग सांग की कसा गेला ते."

"गेलेला माणूस परत येतोय का?"

"मी कुटं आणा म्हणाले?"

"पोरंबाळं उपाशी हायेत, आक्के."

"मीबी उपाशी हाय. मी जाळं अडवलंय का तुमचं? टाका की. हात काय बांधल्यात मी?"

कुणी टाकले नाही. त्यांना सत्याची चाड होती असे मी म्हणणार नाही. साक्ष न होता उघडलेल्या डोहात पुढच्या पुराला आपलाच पोरगा जाईल, याची त्यांना भीती होती. तिच्याकडे सत्ता म्हणून होती ती एवढीच, दुसऱ्यांची भीती. रावसाहेबांकडेही तीच होती. पण त्यांनी ती फुकट वापरली. तिला स्वतःचे पोट घालावे लागले.

मला राग येई तो रावसाहेबांचा कमी. ते होते तसे होते. कुठल्याही गावात एक असतोच. मला राग येई त्या तीस घरांचा. काय झाले असावे हे सगळ्यांना ठाऊक होते. लहान मुलांनाही. माझ्या वर्गातली मुले होडीचा खेळ खेळत, आणि एक जण नेहमी कड धरून पाण्यात लोंबकळे, आणि दुसरा काटकी घेऊन उभा राही. मोठे माणूस जवळ आले की खेळ मोडत. सातव्या वर्षी पोरांना हे बरोबर कळले होते की हे बघायचे असते, बोलायचे नसते. त्यापुढे पृथ्वी गोल असो नाहीतर चौकोनी.

चैत्रात रावसाहेब रावबहादूर झाले. सरकारने ही बहादुरी कुठे पाहिली ते कळवले नव्हते, पण काठावर मांडव पडला, सोलापूरहून बँड आला, आणि माझ्या मुलांना स्वागतपर पद्य म्हणण्याचा हुकूम झाला. पद्य भटजींनी रचले होते. त्यात रावबहादुरांची तुलना समुद्राशी होती. समुद्र मुलांनी पाहिला नव्हता, त्यामुळे त्यांनी ती तुलना मोकळ्या मनाने म्हटली.

मग भाषण झाले, ज्यात नदीपुढे लहानथोर असा भेद नाही. भाषणाच्या शेवटी रावबहादुरांनी "आमचा एक स्वामिनिष्ठ नावाडी" असा म्हादूचा उल्लेख केला आणि त्याच्या मातेला लुगडे देण्याचे जाहीर केले. यमनाक्काला पुढे बोलावले. ती उठली. तात्याने डोळे मिटून घेतलेले मला दिसले.

ती व्यासपीठाजवळ गेली. रावबहादूर लुगडे पुढे करून उभे होते. तिने लुगड्याकडे बघितले नाही. त्यांच्या खुर्चीला चांदीच्या मुठीची एक काठी टेकवून ठेवली होती, तिच्याकडे बघितले.

"काठी लई झ्याक हाय, सायेब."

रावबहादूर प्रसन्न झाले. "हां. पुण्याहून मागवली."

"त्या दिशी होडीत हीच व्हती का?"

"छे छे, ती जुनी. ती तेव्हा नदीतच गेली," ते म्हणाले.

बोलून झाल्यावर त्यांचे तोंड थोडे उघडे राहिले. पाहुण्यांपैकी कुणाला काही कळले नाही. काठी नदीत पडते, त्यात काय? बेटावरच्या माणसांनी मात्र सगळ्यांनी एकदम श्वास आत घेतला, तो मला मागच्या रांगेत ऐकू आला.

"हां," यमनाक्का म्हणाली. "म्हंजे हातात काठी व्हती."

लुगडे तसेच त्यांच्या हातावर राहिले. ती वळून होडीकडे चालू लागली. कुणीतरी बँडवाल्यांना खूण केली आणि बँड वाजू लागला. अशा वेळी बँड वाजतोच. त्यासाठीच तो आणतात.

मी तिला परतीच्या होडीत म्हणालो, "आक्का, त्यांनी स्वतःच सांगितले की. आता तर टाका पाग."

ती माझ्यावर भडकली. "तो कोन हाय माजा? त्यानं सांगून मला काय करायचंय? परका मानूस त्यो. माज्या मानसांनी सांगू दे! ज्यांच्या लग्नात म्हादू नाचलाय त्यांनी सांगू दे!"

होडी वल्हवणारा लिंबा होता. त्याचे वल्हे थांबले, मग पुन्हा चालू लागले. दुसऱ्या दिवशी तो बेट सोडून गेला. सोलापुरात गिरणीला लागला असे म्हणत.

लिंबा गेला आणि वस्तीला एकदम हिशेब कळला. त्या दिवशी होडीत असलेला बेटाचा माणूस आता एकच उरला होता, आणि तो म्हातारा होता. तो साक्ष न देता मेला तर डोह कायमचा बंद. ज्या बायका यमनाक्काच्या दारासमोर कोंबड्यांना शिव्या देत, त्या आता कोंबड्या घेऊन तात्याच्या दारासमोर जाऊ लागल्या. दोन आठवडे हे चालले. मग तात्याच्या बायकोने त्याच्या भाकरीचे ताट उंबऱ्याबाहेर ठेवायला सुरुवात केली. कारण विचारले तर म्हणे, आत गरम होतंय.

वैशाखात एका सकाळी तात्या न बोलावता डोहात जाऊन उभा राहिला. पटका काठावर काढून ठेवलेला. पांढरे विरळ केस. तो इतका लहान दिसेल असे मला वाटले नव्हते. वस्ती जमली. यमनाक्का पाग घेऊन आली.

"होडीत पानी आलं," तात्या म्हणाला. "वज्जं कमी करायचं व्हतं. मी म्हादूला म्हनलं, उतर, कड धरून ऱ्हा. तो उतरला."

"मोट्यानं."

"म्हादू उतरला! कड धरून व्हता. हितं भवरा फिरत व्हता, सोडून चालनार न्हवतं. होडी त्याच्या अंगाला कलाया लागली. रावसायेब भ्यालं. सोड म्हनलं. म्हादू म्हनला, सोडलं तर जातो की सायेब. त्येंनी काठी मारली बोटांवर. सोडंना. परत मारली, तवा सुटला."

"तू काय केलंस?"

तात्याने पाण्यात हात फिरवला.

"मी वल्हं मारलं."

"कुटल्या अंगाला?"

"काठाच्या."

"म्हादूनं हाक मारली का?"

"मारली."

"कुनाला?"

"मला. तात्या म्हनला."

कुणी रडले नाही. यमनाक्काच्या मुठी वळलेल्या होत्या आणि मला वाटले ती त्याला पाण्यात दाबून धरणार. तिने खाली थुंकले, पाग खांद्यावर घेतला, पाण्यात उतरली, तात्याच्या शेजारी उभी राहिली आणि फेकला. चांगला फेकला, गोल उघडून पडला. मग तात्याला म्हणाली, "हो भाईर. मासं बुजत्यात."

त्या दुपारी बेटावर तीस चुली पेटल्या.

इथे गोष्ट संपली असती तर बरे झाले असते. पण मी शहरात शिकलेला होतो, आणि सत्य बाहेर आले की पुढे काहीतरी होते अशी माझी समजूत होती. मी तात्याला म्हणालो, फौजदाराकडे चल. तो म्हणाला, "डोहात बोललेलं काटावर न्हेत न्हाईत, मास्तर." इतरांना विचारले, ते चेहरे पुन्हा बंद झाले होते, पोट भरलेले होते एवढाच फरक. शेवटी मी एकटा गेलो. फौजदाराने मला चहा दिला, सगळे ऐकून घेतले, आणि मिशीवरून हात फिरवत विचारले, "मास्तर, तुम्ही स्वतः बघितलं का?"

जूनमध्ये माझी बदली झाली. रावबहादुरांनी पुढच्या वर्षी नदीला घाट बांधला. पायऱ्या चांगल्या आहेत.

त्यानंतर यमनाक्का मला एकदाच भेटली. पाच-सहा वर्षांनी, सोलापूरच्या बाजारात. पोत्यावर मासळी मांडून बसली होती आणि शेजारच्या तेलुगू बाईशी जागेवरून भांडत होती. दोघींना एकमेकींची भाषा येत नव्हती आणि त्याने काही अडत नव्हते. मला बघून तिने भांडण थांबवले. केस पांढरे झाले होते. आवाज तोच.

रावबहादूर त्याच आठवड्यात वारले होते. शहरात शोकसभा झाली होती, दोन वक्त्यांना रडू आले होते. मी वाकून, जरा हळू आवाजात, तिला ते सांगितले. काहीतरी ऐकायला मिळेल अशी माझी अपेक्षा होती.

"व्हय?" ती म्हणाली, आणि पाणी शिंपडून एक मरळ माझ्यापुढे सरकवली. "ही घ्या मास्तर. आज सकाळी धरलीया."

काही न विचारता मी ती घेतली. घरी नेऊन चिरली. कालची होती.